रिसॉर्ट आणि कॅसिनोंचे आर्किटेक्ट होण्यासाठी: नवोदितांना पायरीपायरीने मार्गदर्शन

आर्किटेक्चर शिकणाऱ्या मुलामुलींना रिसॉर्ट आणि कॅसिनोंच्या कामाचे आकर्षण वाटते, ते बहुधा सिंगापूरच्या मरिना बे सँड्सची छायाचित्रे पाहून. मोशे सफदी यांनी रचलेल्या आणि २०१० मध्ये खुल्या झालेल्या या प्रकल्पात पंचावन्न मजल्यांचे तीन मनोरे आहेत आणि त्यांच्या माथ्यावर, जमिनीपासून सुमारे २०० मीटर उंचीवर, ३४० मीटर लांबीचे उद्यान आहे. मात्र याच संकुलात जुगाराच्या प्रत्यक्ष जागेवर सरकारने सुरुवातीला १५,००० चौरस मीटरांची मर्यादा घातली होती आणि ती एकूण बांधकामाच्या तीन टक्क्यांहूनही कमी भरत होती. उरलेली सगळी जागा खोल्या, सभागृहे, दुकाने, उपाहारगृहे, स्वयंपाकघरे, धुलाईघर आणि यंत्रसामग्रीने व्यापलेली आहे. म्हणून ज्याला कॅसिनोचा आर्किटेक्ट व्हायचे आहे त्याने आधी उत्तम हॉटेल बांधायला शिकावे, आणि ज्याला हॉटेल बांधायचे आहे त्याने पाहुण्याला न दिसणाऱ्या भागापासून सुरुवात करावी, असे माझे ठाम मत आहे. पुढील पायऱ्या त्याच क्रमाने मांडल्या आहेत.

पहिली पायरी: पदवी आणि नोंदणी

या पायरीबद्दल फार लिहिण्याची गरज नाही. बारावीला गणित घेऊन, नाटा ही आर्किटेक्चरची प्रवेशपरीक्षा किंवा जेईईचा आर्किटेक्चरचा पेपर देऊन पाच वर्षांच्या बी.आर्क.ला प्रवेश घ्यावा लागतो आणि पदवीनंतर कौन्सिल ऑफ आर्किटेक्चरकडे नोंदणी करावी लागते, कारण १९७२ च्या आर्किटेक्ट्स कायद्यानुसार नोंदणीशिवाय स्वतःला आर्किटेक्ट म्हणवून घेता येत नाही. मुंबईचे सर जे. जे. आणि पणजीतील आल्तिन्यो टेकडीवरचे गोवा कॉलेज ऑफ आर्किटेक्चर ही आपल्या भागातील जुनी सरकारी ठिकाणे आहेत. हॉटेलांचे काम करण्यासाठी पदवीच्या काळात वेगळ्या शाखेची आवश्यकता नसते. मात्र अभ्यासक्रमातील प्रात्यक्षिक प्रशिक्षणाचे सत्र हॉटेलांची कामे करणाऱ्या कार्यालयात घालवावे, आणि तेसुद्धा शक्यतो संकल्पचित्रे काढणाऱ्या गटात न बसता, साइटवर जाणाऱ्या गटात बसून. हे ऐकायला नीरस वाटले तरी पुढच्या दहा वर्षांची दिशा त्यातून ठरते.

दुसरी पायरी: हॉटेलची मागची बाजू शिकणे

या व्यवसायात हॉटेलचा आकार चौरस फुटांत सांगत नाहीत, तो खोल्यांच्या संख्येत सांगतात आणि प्रत्येक खोलीला ‘की’ म्हणतात. गुंतवणूकदार एका कीमागे किती खर्च येईल हे विचारतो, हॉटेल चालवणारी कंपनी एका कीमागे किती कर्मचारी लागतील हे विचारते, आणि या दोन प्रश्नांची उत्तरे देता येत नसलेल्या आर्किटेक्टला बैठकीत कोणी फार वेळ ऐकून घेत नाही. आपल्याकडील चांगल्या रिसॉर्टमध्ये खोलीमागे एक किंवा त्याहून अधिक कर्मचारी असतात. त्यांच्या येण्याजाण्याचे स्वतंत्र फाटक, कपडे बदलण्याच्या खोल्या, जेवणघर आणि बऱ्याचदा राहण्याची सोय, हे सारे आराखड्यात पहिल्या दिवसापासून असावे लागते. पाहुण्याचा मार्ग आणि कर्मचाऱ्याचा मार्ग, मासळी आणि भाजी उतरवण्याचा मार्ग आणि कचरा बाहेर नेण्याचा मार्ग, स्वच्छ चादरी वर जाण्याचा मार्ग आणि मळक्या चादरी खाली येण्याचा मार्ग: हे मार्ग एकमेकांना छेदत नाहीत ना, हे नकाशावर वेगवेगळ्या रंगांच्या पेन्सिलींनी आखून पाहण्याची सवय नवोदिताने लावून घ्यावी. एखादे चालू हॉटेल पाहायला गेल्यावर लॉबीची छायाचित्रे काढण्यात वेळ घालवण्यापेक्षा व्यवस्थापकाची परवानगी घेऊन माल उतरवण्याचा धक्का, धुलाईघर आणि जनित्राची खोली पाहावी. त्या तीन जागांतून इमारतीबद्दल जेवढे कळते तेवढे पाहुण्याच्या खोलीतून कळत नाही.

पाण्याचा हिशेब हा या शिक्षणाचा सर्वांत महत्त्वाचा धडा आहे. राष्ट्रीय इमारत संहितेनुसार पंचतारांकित हॉटेलसाठी माणशी दिवसाला ३२० लिटर आणि तीन तारांपर्यंतच्या हॉटेलसाठी १८० लिटर पाणी धरतात. साठ खोल्यांचे पंचतारांकित रिसॉर्ट पूर्ण भरले आणि प्रत्येक खोलीत दोघे राहिले, तर केवळ पाहुण्यांसाठी दिवसाला ३८,४०० लिटर, म्हणजे दहा हजार लिटरचे जवळजवळ चार टँकर पाणी लागते, आणि त्यात कर्मचारी, हिरवळ व जलतरण तलाव अजून मोजलेलेच नाहीत. कोकणात पावसाळ्यात धो धो पाऊस पडतो आणि एप्रिल-मे महिन्यांत, नेमक्या पर्यटनाच्या हंगामात, विहिरी तळ गाठतात. अशा गावात रिसॉर्टची विहीर खोल गेली की शेजारच्या वाडीची विहीर आटते. म्हणून पावसाच्या पाण्याची साठवण आणि सांडपाण्यावर प्रक्रिया करून ते बागेला व शौचालयांना पुन्हा वापरण्याची व्यवस्था या गोष्टी परवानगीपुरत्या कागदावर दाखवून भागत नाही. त्यांची जागा, उतार आणि टाक्यांचे आकारमान संकल्पचित्राच्या टप्प्यातच ठरवावे लागते.

खोल्यांच्या मांडणीमागेही असाच हिशेब असतो. मार्टिन स्टर्न ज्युनियर यांनी १९६९ मध्ये लास वेगासच्या इंटरनॅशनल हॉटेलसाठी तीन पंखांचा मनोरा रचला, ज्यात लिफ्ट मध्यभागी असल्यामुळे खोल्यांची संख्या प्रचंड असूनही कोणत्याही पाहुण्याला फार लांब चालावे लागत नाही. ही मांडणी पुढे त्या शहरातील अनेक हॉटेलांनी उचलली आणि १९८९ च्या मिराजमध्येही ती दिसली. नवोदिताने असे आराखडे स्वतःच्या हाताने पुन्हा काढून पाहावेत, लिफ्टपासून शेवटच्या दारापर्यंतचे अंतर मोजावे आणि खोल्या आवरणाऱ्या कर्मचाऱ्याची ढकलगाडी कुठे थांबेल हे त्यावर दाखवावे.

तिसरी पायरी: जमीन वाचायला शिकणे

रिसॉर्ट जिथे बांधायचे असते ती जागा जवळजवळ नेहमीच नाजूक असते, कारण समुद्र, खाडी, डोंगरउतार किंवा जंगल यांच्या शेजारासाठीच पाहुणा पैसे मोजतो. त्यामुळे या क्षेत्रात कायद्याचे ज्ञान ही वकिलावर सोपवून मोकळे होण्याची बाब नाही. सीआरझेडची, म्हणजे किनारा नियमन क्षेत्राची, अधिसूचना वाचून तिच्यातील वर्ग समजून घ्यावेत. २०१९ च्या अधिसूचनेनुसार दाट वस्तीच्या ग्रामीण किनाऱ्यावर भरतीरेषेपासून ५० मीटर आणि विरळ वस्तीच्या किनाऱ्यावर २०० मीटर हे ना-विकास क्षेत्र आहे, परंतु त्या त्या जिल्ह्याचा किनारा व्यवस्थापन आराखडा मंजूर आहे का आणि आपला सर्व्हे नंबर त्यात नेमका कोणत्या रेषेत बसतो, हे पाहिल्याशिवाय कागदावर एकही भिंत आखू नये. घाटमाथ्यावर महाबळेश्वर-पाचगणी परिसर २००१ पासून आणि माथेरान २००३ पासून पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र म्हणून जाहीर झालेले आहेत, आणि तिथे झाड, उतार व बांधकामाची उंची यांविषयीचे निर्बंध वेगळे आहेत. बांधकाम २०,००० चौरस मीटरांवर गेले की २००६ च्या अधिसूचनेनुसार पर्यावरण मंजुरीचा प्रश्न येतो.

हे नियम मोडल्यावर काय होते याचे उदाहरण केरळात आहे. वेंबनाड सरोवरातील नेडियतुरुत्तू बेटावर कॅपिको रिसॉर्टच्या ५४ व्हिला बांधून पूर्ण झाल्या होत्या. उच्च न्यायालयाने त्या पाडण्याचा आदेश दिला, २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला आणि २०२२ मध्ये पाडकाम सुरू झाले. कित्येक माणसांनी मन लावून केलेले काम त्यात मातीमोल झाले.

कायद्याच्या बरोबरीने गावाची वहिवाट येते, आणि ती नकाशावर अनेकदा दिसत नाही. सातबारा, फेरफार आणि मोजणीचा नकाशा पाहून झाला की गावातल्या जाणत्या माणसांबरोबर जमिनीवरून चालावे आणि किनाऱ्याकडे जाणारी पायवाट कुठून जाते, होड्या कुठे ओढून ठेवतात, देवराई, थळ किंवा स्मशानाकडे जाण्याचा रस्ता कोणता, पावसात वहाळ कुठून वाहतो, हे विचारून घ्यावे. चार्ल्स कोरिया यांनी रचलेले दोना पावलाजवळील सिदाद दी गोवा हे हॉटेल १९८२ पासून भारतीय रिसॉर्ट-रचनेचा आदर्श म्हणून शिकवले जाते, कारण पोर्तुगीज वस्तीच्या गल्ल्या, चौक आणि भिंतींवर रंगवलेल्या आभासी खिडक्या यांतून त्यांनी एक छोटे नगरच उभे केले. त्याच हॉटेलच्या पुढे वाढवलेल्या भागाचा किनाऱ्यावर जाण्याच्या सार्वजनिक वाटेवरून वाद झाला आणि तो २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाऊन हॉटेलच्या विरोधात निकाल लागला. उत्तम रचना आणि लोकांची वाट या दोन्ही गोष्टी एकाच जागेवर सांभाळायच्या असतात, हे विद्यार्थ्यांना फार उशिरा कळते.

उतारावरच्या कामासाठी दोन इमारती अवश्य अभ्यासाव्यात. एक कोरिया यांचे केरळातील कोवळमचे रिसॉर्ट, ज्यातील खोल्या टेकडीच्या उतारात बसवलेल्या असल्यामुळे समुद्राकडून इमारत जवळजवळ जाणवत नाही. दुसरे श्रीलंकेतील दंबुल्लाजवळचे कंदलामा हॉटेल, जे जेफ्री बावा यांनी १९९० च्या दशकाच्या आरंभी रचले. मालकांच्या मनात सिगिरियाच्या ऐतिहासिक कड्याच्या पायथ्याची जागा होती. बावांनी ती नाकारली आणि दूरच्या तलावाकाठचा कडा सुचवला, जिथून सिगिरिया क्षितिजावर दिसतो. मग त्यांनी जवळजवळ एक किलोमीटर पसरलेली इमारत कड्याला बिलगून अशी ठेवली की आज ती वेलींखाली झाकून गेली आहे. मालकाने दाखवलेल्या जागेला नम्रपणे नकार देणे हासुद्धा आर्किटेक्टच्या कामाचा भाग आहे, आणि माझ्या दृष्टीने बावांच्या त्या हॉटेलातील सर्वांत मोठा निर्णय तोच होता.

कोकणात आणि गोव्यात काम करणाऱ्याने पावसाची दिशा, जांभ्याचा पोत, कौलांचा उतार आणि पागोळ्यांचे पाणी जिरण्याची जागा या गोष्टी गवंड्याकडून शिकाव्यात. बालीतल्या रिसॉर्टची छायाचित्रे दाखवून ‘असेच हवे’ म्हणणारा मालक हमखास भेटतो. तिथले गवती छप्पर आपल्या खाऱ्या वाऱ्यात आणि चार महिन्यांच्या झडीत किती वर्षे टिकेल, त्याच्या देखभालीला किती खर्च येईल आणि त्याला आग लागल्यास काय होईल, हे आकड्यांनिशी सांगता आले पाहिजे.

चौथी पायरी: आगीचा अभ्यास

ही पायरी मी मुद्दाम वेगळी ठेवली आहे, कारण हॉटेलात झोपलेल्या माणसाला इमारत ओळखीची नसते. २१ नोव्हेंबर १९८० च्या सकाळी लास वेगासच्या एमजीएम ग्रँड हॉटेलमधील एका उपाहारगृहात विजेच्या दोषातून आग लागली आणि ती पाहता पाहता कॅसिनोत शिरली. या भागात पाण्याचे स्वयंचलित फवारे नव्हते, कारण चोवीस तास माणसांचा वावर असलेल्या जागेत आग कोणाच्या तरी लगेच लक्षात येईल असे गृहीत धरून सूट दिली गेली होती, आणि आग लागली तेव्हा ते उपाहारगृह बंद होते. मृतांची संख्या ८५ झाली. त्यांतील बहुतेक जण आगीपासून कितीतरी मजले वर, खोल्यांत, जिन्यांत आणि लिफ्टमध्ये धुराने गुदमरून गेले, कारण लिफ्टचे उभे बोगदे, जिने आणि भूकंपासाठी सोडलेले सांधे यांतून धूर वर चढला होता. त्यानंतर नेवाडा राज्याने जुन्या उंच हॉटेलांनाही फवारे बसवणे सक्तीचे केले.

या एका घटनेचा आराखडा समोर ठेवून महिनाभर अभ्यास करावा, असा माझा प्रत्येक नवोदिताला आग्रह आहे. प्रत्येक उभ्या पोकळीला धूर अडवणारे आवरण आहे का, जिन्यात शिरलेला माणूस पुन्हा बाहेर पडू शकतो का, खोलीतून दोन वेगवेगळ्या दिशांना सुटकेचा मार्ग आहे का, हे प्रश्न तीस खोल्यांच्या रिसॉर्टलाही लागू आहेत. मुंबईत २९ डिसेंबर २०१७ रोजी कमला मिल आवारातील गच्चीवरच्या उपाहारगृहांना लागलेल्या आगीत १४ जणांचा जीव गेला, तेव्हा सजावटीसाठी वापरलेले ज्वलनशील साहित्य आणि अडलेली वाट हे मुद्दे आपल्याकडेही पुन्हा समोर आले. अग्निशमन दलाचा ना हरकत दाखला मिळाल्यानंतर सजावटकाराने बसवलेला पडदा किंवा बांबूची भिंत कोणी तपासत नाही, ती आर्किटेक्टने तपासावी.

पाचवी पायरी: कॅसिनोचा मजला समजून घेणे

इथवरचे पक्के झाले की कॅसिनोकडे वळावे. कॅसिनोच्या मजल्याबाबत दोन विचारसरणी आहेत. बिल फ्रिडमन यांनी अनेक कॅसिनोंचा अभ्यास करून असे मांडले की छत बुटके, वाटा वळणाच्या आणि जुगाराची यंत्रे हीच मुख्य सजावट असावी, जेणेकरून माणूस आत गुंतून राहील. याच्या अगदी उलट वाट अंतर्गत रचनाकार रॉजर थॉमस यांनी लास वेगासच्या १९९८ च्या बेलाजिओ हॉटेलात आणि पुढे विन हॉटेलात घेतली. उंच छते, नैसर्गिक उजेड, ताजी फुले आणि दूरवर दिसणाऱ्या सरळ वाटा त्यांनी दिल्या, आणि सुखावलेला माणूसही थांबतो आणि खर्च करतो हे व्यवसायाला दाखवून दिले. मला दुसरी वाट अधिक सभ्य वाटते, कारण तिच्यात माणसाला बाहेरचा उजेड आणि दार दोन्ही दिसतात.

तांत्रिक बाजू मात्र दोन्हीकडे सारखीच असते. टेबलांच्या गटाला ‘पिट’ म्हणतात, चिप्सची देवाणघेवाण होते त्या बंदिस्त खिडकीला ‘केज’ म्हणतात, आणि रोकड मोजण्याची खोली केजपर्यंत अशा मार्गाने जोडलेली असते की पैसे नेणारा कर्मचारी पाहुण्यांच्या गर्दीतून जात नाही. प्रत्येक टेबल कॅमेऱ्यांना स्पष्ट दिसले पाहिजे, त्यामुळे झुंबर, खांब आणि छताची नक्षी निगराणी सल्लागाराला दाखवल्याशिवाय अंतिम करता येत नाही. यंत्रांच्या जागा वारंवार बदलतात, म्हणून वीज आणि डेटाच्या तारा उचलता येणाऱ्या जमिनीखालून न्याव्या लागतात. खोल्यांचा मनोरा थेट कॅसिनोच्या माथ्यावर आणला तर वरचे दाटीचे खांब खालच्या मोकळ्या दालनात उतरतात आणि ते टाळण्यासाठी महागड्या तुळया लागतात. म्हणून कॅसिनो पुष्कळदा मनोऱ्याच्या बाजूला, बुटक्या भागात ठेवतात.

कायदा आणि पाहुण्यांच्या श्रद्धा थेट आराखड्यात उतरतात. सिंगापुरात देशाचे नागरिक आणि कायम रहिवासी यांना कॅसिनोत शिरण्यासाठी चोवीस तासांचे १५० सिंगापूर डॉलर भरावे लागतात, त्यामुळे प्रवेशद्वाराशी ओळखपत्र तपासण्याची जागा मुळातच मोठी असावी लागते. लास वेगासमधील नव्या एमजीएम ग्रँडचे प्रवेशद्वार सिंहाच्या जबड्यातून होते. पुष्कळ चिनी पाहुणे त्यातून जाणे अशुभ मानत असल्याने १९९८ मध्ये ते बदलावे लागले. वास्तुशास्त्राचा आग्रह धरणाऱ्या मालकांशी बोलणे आपल्याला नवे नाही, आणि मकाऊमध्ये फेंगशुईबाबत तोच संयम उपयोगी पडतो.

जुगारामुळे उद्ध्वस्त झालेली घरे आपण सर्वांनी पाहिलेली किंवा ऐकलेली असतात. हे काम स्वीकारायचे की नाही, याचा निर्णय प्रत्येकाने नोकरीचे पत्र हाती येण्यापूर्वी घ्यावा. न स्वीकारणाऱ्याला रिसॉर्टचे क्षेत्र आयुष्यभर पुरेल एवढे मोठे आहे.

सहावी पायरी: काम कुठे आहे हे पाहणे

महाराष्ट्रात कॅसिनो नाही. १९७६ चा कॅसिनो कायदा प्रत्यक्षात कधी अमलात आला नाही आणि २०२३ मध्ये तो रद्द करण्यात आला. गोव्याच्या १९७६ च्या जुगारविरोधी कायद्यात पुढे दुरुस्त्या होऊन पंचतारांकित हॉटेलांत यंत्रांवरचे खेळ आणि जहाजांवर टेबलांचे खेळ चालू झाले, तर सिक्कीमने २००२ मध्ये स्वतंत्र कायदा केला. मांडवी नदीतील कॅसिनो ही जहाजे आहेत. त्यांचा सांगाडा, वजन आणि स्थैर्य हा जहाजरचनाकाराचा विषय असल्यामुळे आर्किटेक्टच्या वाट्याला तिथे मुख्यतः अंतर्गत रचना येते. देशातले कॅसिनोचे काम एवढ्यावर संपते. बाहेर काठमांडू, कोलंबो, मकाऊ, सिंगापूर आणि लास वेगास ही ठिकाणे आहेत, आणि २०२४ मध्ये संयुक्त अरब अमिरातीतील रास अल खैमाच्या विन प्रकल्पाला परवाना मिळाल्यापासून आखातात काम करणाऱ्या मराठी आर्किटेक्टांसाठीही हा विषय जवळ आला आहे.

अमेरिकेत परवाना हवा असेल तर ३,७४० तासांचा नोंदवलेला अनुभव आणि सहा भागांची परीक्षा हा नेहमीचा मार्ग आहे, आणि भारतीय पदवीचे मूल्यमापन करून घ्यावे लागते. लास वेगासमधील नेवाडा विद्यापीठात हॉटेल-रचनेचा विशेष अभ्यास करता येतो. परवान्याशिवायही मोठ्या कार्यालयांत डिझायनर म्हणून काम मिळते, पण नकाशांवर स्वतःची सही येत नाही.

सातवी पायरी: पहिले स्वतंत्र काम आणि करार

पहिले काम बहुधा ओळखीतून येते आणि लहान असते: दापोलीजवळच्या बागेतल्या चार खोल्या, भोर किंवा जुन्नरकडचे शेतीपर्यटन केंद्र, वेंगुर्ल्यातील जुन्या घराचे होमस्टे. महाराष्ट्राने २०२० मध्ये कृषी पर्यटन धोरण आणल्यापासून अशी कामे वाढली आहेत, आणि त्यांना कमी लेखू नये, कारण पाणी, कर्मचारी, आग आणि वहिवाट हे चारही प्रश्न त्यांत पूर्ण आकारात भेटतात. एक खोली आधी संपूर्ण बांधून, सजवून, तिच्यात स्वतः एक रात्र राहून मगच बाकीच्या खोल्यांचे काम सुरू करावे. मोठी हॉटेले याला ‘मॉक-अप रूम’ म्हणतात. दिव्याचे बटण पलंगावरून हाताला येते का, न्हाणीघराचा उतार बरोबर आहे का आणि शेजारच्या खोलीतला आवाज ऐकू येतो का, हे नकाशावरून कळत नाही.

कार्यसंग्रहात रंगीत दृश्यांबरोबर माल उतरवण्याच्या जागेचा एक नकाशा, पाण्याचा एक हिशेब आणि प्रत्यक्ष बांधलेला एखादा बारकावा अवश्य ठेवावा. मुलाखत घेणारे अनुभवी लोक त्याच पानांवर थांबतात. करार करताना किती संकल्पचित्रे देणार, किती बदल मानधनात धरलेले आहेत, इमारतीचा सांगाडा, वीज, पाणी आणि आग यांच्या सल्लागारांचे पैसे कोण देणार आणि परवानग्या रखडल्यास काय, हे स्पष्ट लिहावे. रिसॉर्ट उघडल्यानंतरच्या पहिल्या पावसाळ्यात साइटवर जाऊन छपरे, पागोळ्या, टाक्या आणि उतार तपासण्याची भेट ठरवावी, आणि तिचे मानधन व प्रवासखर्च करारात वेगळ्या कलमाने आधीच लिहून घ्यावेत, कारण काम संपल्यावर त्यासाठी पैसे मागणे अवघड जाते.